दानपत्रांतील जलस्थल

भेडाघाट येथे कलचुरी राणी अल्हणदेवीने शिवमंदिर व मठ उभारून त्यांस दोन गावे लावून दिली, असे इ. स. ११५५ च्या शिलालेखावरून कळते. वासुदेव विष्णु मिराशी यांनी १९५५ साली कलचुरींचे लेख एकत्र प्रसिद्ध केले. त्यांतील राजांच्या बिरुदांपेक्षा (ती कोणत्या राजाला कमी होती?) दानाच्या अटीच मला अधिक वाचनीय वाटतात. त्या काळच्या दानपत्रांत भूमी एकटी येत नाही. जल-स्थल, आंबे, मोह यांसह येते.

पुढे महसुली दप्तरात तळे हा एक खसरा नंबर झाला, आणि नोंद बदलता येते हे आम्हां दप्तरी माणसांना कोणी सांगावयास नको. जबलपुरात चेरीताल हे आज मोहल्ल्याचे नाव आहे!

२००१ साली हिंचलाल तिवारींच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने गावतळ्याची जागा घरांसाठी वाटणे अमान्य केले. तळ्याचा काही भाग सपाट झाला आहे, ही सबब चालली नाही. २०११ साली जगपालसिंग प्रकरणी, पटियालाकडील एक तळे बुजवून घरे बांधणाऱ्यांकडून पैसे घेऊन कब्जा कायम करणेही बेकायदा ठरले.

भातशेतांसाठी स्वतंत्र कायदा केला तो केरळने, २००८ साली. तेथे गावोगावच्या शेतांची नोंदवही करावयाची होती. २०१८ च्या दुरुस्तीने मात्र त्या वहीत नसलेली जमीन शुल्क भरून अन्य उपयोगास आणण्याची वाट मोकळी झाली. पटियालास जे नाकारले, त्याच्या फार जवळ जाणारे हे कलम आहे, असे माझे मत आहे.