वल्ह्यांच्या लहान होड्यांची नोंदणी
इंजिन नसलेल्या, वल्ह्याने किंवा पायडलने चालणाऱ्या लहान होड्यांची सरकारदरबारी नोंद ठेवण्याची व्यवस्था. भारतात 1917 चा अंतर्देशीय जलयान कायदा यंत्रचलित नौकांपुरता होता. त्याच्या जागी आलेल्या 2021 च्या कायद्याने यंत्ररहित नौकांसाठी वेगळे प्रकरण घातले. त्यांची नावनोंदणी जिल्हा, तालुका किंवा ग्रामपंचायत पातळीवर करण्याची सोय ठेवली आणि अंमल राज्य सरकारांकडे दिला. अमेरिकेच्या संघीय कायद्यात मात्र क्रमांकाची सक्ती इंजिन असलेल्या नौकांनाच आहे; उलट इंग्लंडच्या बहुतेक कालव्यांवर साध्या कयाकलाही परवाना लागतो.

इंजिन हा निकष अपुरा आहे, असेच म्हणावे लागते. होडी उलटते ती बहुधा जादा माणसे, गळके बूड किंवा अचानक आलेला वारा यांमुळे, आणि यांतल्या एकाही कारणाला इंजिन लागत नाही. नोंद असली की होडीचा मालक आणि तिची माणसे नेण्याची मर्यादा कागदावर येते. लाइफ जॅकेट नसल्यास जाब कोणाला विचारायचा हे ठरते. गरीब नावाड्यावर हा कागदोपत्री जाच होईल, असा आक्षेप घेतला जातो, आणि तो रास्त आहे. पण त्यावर उपाय सूट हा नव्हे, गावातच आणि नाममात्र शुल्कात होणारी नोंद हा आहे. शिवाय घरच्या मासेमारीची होडी आणि महाबळेश्वरच्या वेण्णा तलावासारख्या ठिकाणी पर्यटकांना भाड्याने मिळणारी होडी यांना एकच नियम लावू नये. तपासणीची सक्ती आधी दुसरीला हवी.