पुरुषांचा नट्टापट्टा आणि मराठी विनोदी चित्रपट : प्रस्तावना

पुणे-सोलापूर महामार्गावर कुरकुंभच्या आसपास वाढदिवसाचे फ्लेक्स पाहावेत. गॉगल, कोरलेली दाढी, गळ्यात जाड साखळी. पुरुषाच्या अशा नटण्यावरचा चित्रपट म्हटले की 'झूलँडर' (२००१) आठवतो, आणि तो जरूर पाहावा. पण मराठीत हे काम त्याच्या त्रेसष्ट वर्षे आधी सुरू झाले होते, म्हणून या विषयात येणाऱ्याचे स्वागत मी 'ब्रह्मचारी'ने (१९३८) करतो.

लेखन आचार्य अत्र्यांचे, दिग्दर्शन आणि नायकाची भूमिका मास्टर विनायकांची. औदुंबर ब्रह्मचर्यावरचे व्याख्यान ऐकतो, जमवलेली नट्यांची चित्रे फेकून देतो, जोर-बैठका काढू लागतो. नायिका किशोरी दिसताच निश्चय ढासळतो. ब्रह्मचर्याच्या ढोंगाची ही टर, असे सहसा म्हटले जाते. मला ते अपुरे वाटते. चित्रे गेली तरी औदुंबराची भक्ती संपत नाही. नट्यांच्या जागी तो स्वतःचे शरीर बसवतो. प्रसिद्धीचे वेड आणि पुरुषी आत्मप्रेम यांचे नाते इतक्या लवकर ओळखणारे चित्रपट थोडे.

'हरिश्चंद्राची फॅक्टरी'त (२००९) परेश मोकाशींनी हाच विषय मिशीवर आणला. फाळक्यांना स्त्रीपात्रे पुरुषांकडून करून घ्यायची आहेत, आणि बाप जिवंत असताना मिशी काढायची कशी, म्हणून नट अडून बसतात. त्याच काळात रंगभूमीवर स्त्रीभूमिका करणाऱ्या बालगंधर्वांच्या साड्या नि केशरचना घरंदाज बायका उचलत होत्या, हेही शेजारी ठेवून पाहावे. 'अशी ही बनवाबनवी'त (१९८८) लक्ष्मीकांत बेर्डे आणि सचिन साडी नेसतात. तिथे हसू बाईवर येते की पुरुषावर, हे प्रसंगागणिक तपासावे लागेल.

या सगळ्यामागे तमाशातला सोंगाड्या आहे. दादा कोंडक्यांनी 'सोंगाड्या'त (१९७१) त्याला पडद्यावर आणले. लोंबत्या नाडीच्या चड्डीतला नाम्या समोर आला की फेटेवाला रुबाबदार नायक आपोआप पोकळ दिसू लागतो. कुरकुंभच्याच दौंड तालुक्यात चौफुल्याची तमाशा थिएटरे आहेत, पण ती संगीत बारीची, म्हणजे नाचगाण्याची. सोंगाड्या ढोलकी फडाचा. त्याची बतावणी, म्हणजे विनोदी संवाद, बरीचशी तोंडी, गावागावात बदलणारी, म्हणून ग्रंथालयात ती फारशी सापडत नाही. गुढीपाडव्याच्या सुमारास नारायणगावला फडांच्या राहुट्या पडतात, गावकरी जत्रेची सुपारी द्यायला येतात. वही घेऊन आधी तिथे जावे.