टप्प्याचा घोडा

मोटारीचे बॉनेट उघडून बॅटरीच्या आसपास नजर टाकली, तर बहुतेक गाड्यांत एक काळा डबा दिसतो. त्याचे झाकण काढले की आत फ्यूजच्या रंगीत चपट्या वड्या दिसतात आणि त्यांच्या शेजारी इंचभर लांबीरुंदीचे काही ठोकळे ओळीने बसलेले असतात. हे ठोकळे म्हणजे रिले. गाडी चालवणाऱ्या पुष्कळांनी ते आयुष्यात पाहिलेले नसतात. पाहण्याची वेळ येते ती गाडी आडरानात बंद पडल्यावर, आणि त्या वेळी माणूस इतिहास ऐकण्याच्या मनःस्थितीत नसतो. म्हणून दिवाळीच्या निवांत दिवसांत, फराळाची बशी वाचकांच्या हाताशी असताना, ही हकीकत सांगून टाकावी असे मी योजले आहे. मॅट्रिकच्या पुढे माझे पदार्थविज्ञान सरकले नाही. तेव्हा अवघड गणिताची भीती कोणी बाळगू नये.

शब्द जुना आहे, विजेच्याही आधीचा. फ्रेंच सरदार शिकारीला निघत तेव्हा वाटेवर ठिकठिकाणी ताज्या दमाचे कुत्रे ठेवीत. दमलेले मागे राहत, ताजे पुढे धावत. पुढे टपालाच्या घोड्यांनाही तोच शब्द लागू झाला. आपल्याकडच्या डाकचौक्यांची रीत याहून निराळी नव्हती. घोडा बदले, स्वारही बदले, पण थैली तीच पुढे जाई. ही थैली वाचकांनी ध्यानात ठेवावी.

आता अमेरिकेत जाऊ. न्यूयॉर्क राज्यातल्या ऑल्बनी गावी १७९७ साली जोसेफ हेन्री नावाचा मुलगा जन्मला. घरची गरिबी. पोरवयात त्याला घड्याळजीच्या हाताखाली उमेदवारी करावी लागली. पुढे शिकला आणि १८२६ साली गावच्याच ऑल्बनी अकॅडमीत गणित आणि पदार्थविज्ञान शिकवू लागला. दिवसभर तास घ्यावे लागत, तेही लहान मुलांचे. प्रयोगाला मोठी जागा हवी, तर ती ऑगस्ट महिन्याच्या सुटीत शाळेचा दिवाणखाना मोकळा झाला की मिळे. सुटी संपली की तारा गुंडाळून ठेवायच्या. शाळामास्तरांना सुट्या फार, असे म्हणणाऱ्यांना मी हा महिना मुद्दाम दाखवतो.

मऊ लोखंडाच्या कांबीभोवती तार गुंडाळून तीतून वीज सोडली की लोखंड चुंबक होते आणि वीज तोडली की त्याचे चुंबकपण जाते, हे तेव्हा नुकतेच कळले होते. हेन्रीने तारेवर रेशमाचे वेष्टण चढवून थरांवर थर गुंडाळले आणि या चुंबकाचे सामर्थ्य अतोनात वाढवले. त्याला दोन जातींचे चुंबक सापडले. एक, पुष्कळ वेढ्यांचा, जो लांबच लांब तारेतून थकूनभागून आलेल्या क्षीण प्रवाहालाही दाद देई. १८३१ साली त्याने वर्गाच्या भिंतींभोवती मैलाहून अधिक तार फिरवून तिच्या टोकाला घंटा वाजवून दाखवली, ती याच जातीच्या चुंबकाने. दुसरा, जवळच्या जोरकस प्रवाहावर शेकडो रत्तलांचे वजन उचलणारा. पण लांबच्या प्रवाहापुढे तो ढिम्म.

१८३२ साली हेन्री प्रिन्स्टनच्या कॉलेजात गेला आणि काही वर्षांतच त्याने या दोघांची गाठ घालून दिली. लांबून आलेला क्षीण प्रवाह पहिल्या चुंबकाला हलवी. तो चुंबक हलला की दुसऱ्या, बलदंड चुंबकाचा विजेचा रस्ता तुटे, आणि त्याने धरलेले वजन विद्यार्थ्यांच्या देखत धाडकन जमिनीवर आदळे. पोरे खूश होत असतील यात शंका नाही. हेन्रीने या युक्तीचे पेटंट मात्र घेतले नाही. शोध सगळ्यांचा, अशी त्याची धारणा होती.

तिचा उपयोग दुसऱ्यांनी केला. सॅम्युअल मॉर्स हा मूळचा चित्रकार. त्याच्या तारायंत्राचा संदेश आरंभी थोड्या फुटांपलीकडे जाईना. तेव्हा लेनर्ड गेल नावाच्या प्राध्यापकाने त्याला हेन्रीचा १८३१ सालचा निबंध वाचायला सांगितला. त्यानंतर तार फुटांवरून मैलांवर गेली, आणि १८४४ च्या मे महिन्यात वॉशिंग्टनहून सुमारे चाळीस मैलांवरच्या बाल्टिमोरला संदेश पोचला. लंडनमध्ये एडवर्ड डेव्हीनेही अशीच युक्ती बसवून १८३८ साली पेटंट घेतले होते. थकलेला प्रवाह टप्प्यावर येतो, तिथल्या चुंबकाला फक्त खूण करतो, आणि तिथली ताजी बॅटरी तोच संदेश पुढच्या टप्प्याकडे घेऊन धावते. घोडा बदलला, थैली तीच. पुढे श्रेयावरून मॉर्स आणि हेन्री यांचे जे बिनसले, ते सांगत बसलो तर मोटार बाजूलाच राहील.

मोटारीत मैलांचे अंतर कुठले, असे वाचक विचारतील. अंतर नाही, पण अडचण तीच आहे. गाडीची बॅटरी बारा व्होल्टची. दाब कमी, म्हणून तेवढ्याच कामाला प्रवाह जास्त लागतो. साठ वॅटचा एक दिवा पाच अँपियर खातो, दोन दिवे दहा. एवढा प्रवाह बॅटरीपासून चालकाच्या बोटाखालच्या नाजूक बटणापर्यंत आणि तिथून परत दिव्यांपर्यंत फिरवायचा, तर तार जाड हवी आणि बटणही दणकट हवे. नाहीतर वाटेतच व्होल्ट गळतात आणि दिवे पिवळे पडतात. त्यापेक्षा बारीक तारेतून सुमारे दीड दशांश अँपियरची खूण पाठवावी आणि बॅटरीजवळच्या रिलेने तीस अँपियरपर्यंतचा जाड रस्ता जोडून द्यावा, हे शहाणपणाचे.

मोटारीत हे सारे आणायला मुख्यतः कारण झाले विजेवर इंजिन सुरू करण्याचे. त्यापूर्वी पुढे उभे राहून हँडल मारावे लागे. ते उलटे फिरले तर मनगट मोडे, आणि अशा अपघातांत माणसे दगावलीही. ओहायो राज्यातल्या डेटन गावच्या चार्ल्स केटरिंगने विजेचा स्टार्टर तयार केला आणि कॅडिलॅकच्या १९१२ च्या गाड्यांवर तो बसला. हे केटरिंगही तरुणपणी खेडेगावच्या एकखोली शाळेत मास्तर होते. (या लेखात मास्तर फार झाले, पण त्याला माझा इलाज नाही.) स्टार्टर आला म्हणून मोठी बॅटरी आली, ती भरायला डायनॅमो आला, आणि डायनॅमोबरोबर कट-आउट आले. इंजिन मंद झाले की डायनॅमोचा दाब बॅटरीहून कमी होतो. त्या वेळी रस्ता उघडा राहिला, तर बॅटरी उलटी डायनॅमोत रिकामी व्हायची. कट-आउट नेमक्या वेळी तो रस्ता तोडी. डायनॅमोवर चालणाऱ्या जुन्या गाड्यांत ते सर्रास असे, आणि त्याच्या टोकांना कानस मारण्यात मिस्त्रीलोकांच्या पिढ्या गेल्या. नंतर हॉर्न, हेडलाइट, पंखा, पेट्रोलचा पंप असा एकेकाला आपला रिले मिळाला. अलीकडच्या गाड्यांत काही ठिकाणी ट्रान्झिस्टरने त्याची जागा घेतली आहे, पण टिक् करणारा ठोकळा अजून गाडीतून गेलेला नाही.

हा ठोकळा बिघडतो कसा, हे मला आंबा घाटाने शिकवले. आईच्या मोतीबिंदूची शस्त्रक्रिया दुसऱ्या दिवशी सकाळी कोल्हापुरास ठरलेली होती. आम्ही रत्नागिरीहून दुपारी निघालो. साखरपा मागे टाकून चढ लागला आणि थोड्या वेळाने इंजिन आचके देत बंद पडले. अर्ध्या तासाने चालू झाले, दोन मैल गेले, पुन्हा बंद. महिन्याभरात हे तिसऱ्यांदा होत होते. शहरातल्या एका कारखान्याने पाहून पेट्रोलचा पंपच बदलायला सांगितला होता, आणि त्याचा आकडा माझ्या पगाराच्या मानाने मोठा होता. आई मागच्या सीटवर पदराने वारा घेत बसली होती. "तारीख चुकली तर पुढची कधी मिळेल रे?" एवढेच तिने दोनदा विचारले.

एका ट्रकवाल्याच्या हाती निरोप धाडला, तेव्हा साखरप्याहून एक वयस्क मिस्त्री मोटरसायकलवर आले. त्यांच्या पिशवीत एक मीटर, दोन तारांचा एक दिवा आणि पाने. मी सांगितले, "मिस्त्री, पंप गेला म्हणतात."

"कोण म्हणतो ते राहू दे, गुरुजी. चावी फिरवा आणि गप्प बसा."

चावी फिरवली की पंप दोनएक सेकंद गुणगुणतो आणि इंजिन सुरू होईपर्यंत थांबतो, अशी या गाड्यांची रीत असते. मिस्त्री आईच्या सीटजवळ कान लावून बसले. गुणगुण नव्हती. मग त्यांनी डब्यातल्या रिलेवर बोट ठेवले आणि पुन्हा चावी फिरवायला सांगितली. टिक् झाले. मला वाटले, रिले तर चालतो आहे, म्हणजे पंपच गेला. मिस्त्रींनी मान हलवली. "टिक् म्हणजे आतली पट्टी हलली. वीज पलीकडे गेली की नाही, ते टिक् सांगत नाही."

पुढचे सारे दहा मिनिटांत झाले. आधी फ्यूज पाहिला, धड होता. रिले उपसला, तर तळाचे प्लास्टिक तपकिरी पडलेले आणि हाताला चटका बसावा इतके गरम. त्याच्या पायांवर आकडे असतात : ८५ आणि ८६ ही चुंबकाच्या तारेची दोन टोके, ३० वर बॅटरीची वीज येते, ८७ वरून ती पंपाकडे जाते. रिकाम्या खाचेत ३० वर दिव्याची तार लावली, दिवा लख्ख लागला. म्हणजे बॅटरीकडून वीज येत होती. मग फ्यूज घातलेल्या एका तुकड्याने त्यांनी ३० आणि ८७ या खाचा सरळ जोडल्या. मागून गुणगुण ऐकू आली. आईच म्हणाली, "काहीतरी वाजतंय बघ." पंप धड होता. शेवटी शेजारच्या खाचेतला हॉर्नचा रिले काढून, आकडे आणि अँपियर जुळतात हे पाहून, त्यांनी तो पंपाच्या खाचेत बसवला. इंजिन पहिल्या फेरीत सुरू झाले.

जुन्या ठोकळ्याचे कवच त्यांनी पान्याच्या टोकाने उचकटले. चुंबक शाबूत, पट्टी शाबूत. पण जिथे दोन टोके एकमेकांना भिडतात तिथे काळे खड्डे. अशा जळक्या टोकांतून प्रवाह नीट जात नाही. तो तिथेच उष्णता करतो, उष्णतेने अडथळा आणखी वाढतो, पंपाला पुरते व्होल्ट मिळत नाहीत आणि इंजिन उपाशी मरते. थंड झाले की टोके पुन्हा जरा बऱ्या भिडतात आणि गाडी धावते. गाडी तापली की रुसते, ती यामुळे.

हे खड्डे पाडले कोणी? ठिणगीने. तारेच्या वेटोळ्यातून चाललेला प्रवाह एकाएकी तोडला, तर तो थांबायला तयार नसतो. तुटलेल्या जागेवरून उडी मारून ठिणगी पाडतो. पंपाच्या मोटरीत असली वेटोळी असतात, म्हणून पंप बंद होताना दर वेळी रिलेच्या टोकांवर एक बारीक ठिणगी पडते. वर्षानुवर्षे हजारो ठिणग्या. आणि ही ठिणगी पाहून १८३२ साली तिच्याबद्दल पहिल्यांदा लिहिले कोणी, तर त्याच जोसेफ हेन्रीने! प्रवाहाच्या या हट्टाचे माप आज हेन्रीच्याच नावाने मोजतात. १८९३ साली शिकागोच्या आंतरराष्ट्रीय परिषदेत ते ठरले. रिलेवर त्याचे नाव नाही, रिलेच्या दुखण्यावर आहे. मला हे मोठे चमत्कारिक वाटते.

हॉर्नचा रिले पंपाला दिल्यामुळे आंबा घाट मात्र मुका चढावा लागला. मिस्त्रींनी बजावले, "दिवे लावून जा, वळणावर धीर धरा. मलकापुरात नवा घ्या." प्रत्येक वळणावर मी खिडकी उघडून समोरच्या गाडीचा कानोसा घेत होतो आणि आई मागून "हळू" म्हणत होती.

मलकापुरात दुकानदाराने पहिल्यांदा जो रिले पुढे केला त्याला पाचवा पाय होता. तसा दुसऱ्या कामाचा असतो, म्हणून परत केला. आपल्या जुन्या ठोकळ्यावरचे व्होल्ट, अँपियर, पायांची मांडणी आणि आतली आकृती हे सगळे जुळायला हवे. काही रिल्यांत वेटोळ्याची ठिणगी गिळायला डायोड असतो. त्यात ८५ आणि ८६ यांची अदलाबदल खपत नाही, आणि डायोडवाल्याच्या जागी बिनडायोडचा बसवला तर गाडीच्या संगणकाला झटका बसण्याची भीती. दुकानासमोरच बॅटरीची ऋण तार सोडली, नवा ठोकळा सरळ दाबून बसवला, हॉर्नचा त्याच्या घरी परत ठेवला आणि तार जोडून एकदा हॉर्न वाजवला. रस्त्यावरचा एक बैल दचकला. अंधार पडायच्या आत आम्ही कोल्हापुरात होतो आणि दुसऱ्या दिवशी ठरल्या वेळी आईची शस्त्रक्रिया झाली.

परतताना साखरप्याला मिस्त्रींकडे पेढे घेऊन थांबलो. पेढा तोंडात टाकण्याआधी त्यांनी रिले उपसून त्याच्या खाचेत मीटर लावला आणि पंप किती खातो ते पाहिले. पंप म्हातारा होऊन जास्त प्रवाह ओढत असेल, तर नवा रिलेही त्याच वाटेने जाणार, असे त्यांचे म्हणणे. काटा सहा अँपियरच्या जरा अलीकडे थांबला. "पंप ठीक आहे," ते म्हणाले, "तो ठोकळा वयाने गेला." मग आईकडे वळून त्यांनी विचारले, "काय आजी, आता दिसतं का बरं?"