सांविधानिक नीतिमत्ता
राज्यघटनेच्या विहित पद्धतींविषयी नागरिक व सत्ताधारी ह्या उभयतांच्या ठायी असणारा आदरभाव. इंग्रज इतिहासकार जॉर्ज ग्रोट (१७९४–१८७१) याने अथेन्समधील क्लायस्थिनीझच्या सुधारणांचे विवेचन करताना ही संज्ञा योजली. सत्तेची आज्ञा पाळणे व तिच्यावर निर्भयपणे टीका करणे, ही दुहेरी सवय त्यास अभिप्रेत होती. ४ नोव्हेंबर १९४८ रोजी संविधान सभेत डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी ग्रोटचा आधार घेतला, तो वरकरणी रुक्ष अशा प्रश्नासाठी : प्रशासनाचा तपशील संविधानात कशासाठी? ही भावना उपजत नसते, ती जोपासावी लागते. तोवर संविधानाला हात न लावता केवळ प्रशासनाचे स्वरूप बदलूनही ते विफल करता येते, हे त्यांचे उत्तर. सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये समलिंगी संबंधांविषयीच्या निर्णयात मात्र हीच संज्ञा बहुसंख्याकांच्या नीतिकल्पनांविरुद्ध व्यक्तीच्या रक्षणार्थ वापरली. ग्रोटच्या विवेचनात हा अर्थ आढळत नाही.