भाषा, सर्किट आणि प्रेक्षक : कोरियन व मराठी चित्रपटांच्या कीर्तीचा एक तुलनात्मक विचार

कोरियन चित्रपटाच्या जागतिक कीर्तीचा विचार आपल्याकडे बहुधा २०१९ पासून, म्हणजे बॉन्ग जून-हो यांच्या ‘पॅरासाइट’ला कान येथे सर्वोच्च पारितोषिक मिळाले तेथपासून, सुरू होतो. फेब्रुवारी २०२० मध्ये त्याच कृतीस सर्वोत्कृष्ट चित्रपटाचे ऑस्करही लाभले. इंग्रजीखेरीज अन्य भाषेतील चित्रपटास हा मान मिळण्याची ती पहिलीच वेळ होय. परंतु कीर्तीपासून आरंभ करून इतिहास लिहिला असता कारणे व परिणाम यांची अदलाबदल होण्याचा संभव असतो. जगाची मान्यता हीच जर भरभराटीची जननी असती, तर मराठी चित्रपटाची स्थिती कितीतरी निराळी व्हावयास हवी होती. कारण दामले-फत्तेलाल यांचा ‘संत तुकाराम’ (१९३६) हा १९३७ सालीच व्हेनिसच्या महोत्सवात गौरविला गेला होता, आणि त्या वेळी कोरिया जपानच्या अमलाखाली होता.

दोन्ही चित्रपटसृष्टींच्या आरंभकाळात विलक्षण साम्य आढळते. बाबुराव पेंटर यांनी १९२५ मध्ये कोल्हापुरास ‘सावकारी पाश’ काढला. कर्जापायी जमीन गमावून गिरणीत मजूर झालेला शेतकरी हा त्याचा विषय. पुढच्याच वर्षी ना उन-ग्यू यांचा ‘आरिरांग’ सोल येथे झळकला. त्यात वेडावलेला एक तरुण जमीनदाराच्या हस्तकाचा वध करतो, आणि बंदी होऊन गावाबाहेरच्या खिंडीतून नेला जातो. परकीय सत्तेच्या छायेत, ग्रामीण पिळवणुकीच्या कथेतून, दोहोंनी आपापल्या समाजास पडद्यावर पाहावयास शिकविले. हे दोन्ही मूकपट आज उपलब्ध नाहीत. अभ्यासकास वर्णनांवरच भागवावे लागते.

यानंतर मात्र वाटा भिन्न होतात. १९४२ च्या सुमारास जपानी राज्यकर्त्यांनी कोरियन भाषेतील चित्रपटांस सर्वस्वी मनाई केली. मराठीवर अशी बंदी कोणीही घातली नाही; तिला मागे सारले ते व्यापाराने. ‘प्रभात’ने ‘अयोध्येचा राजा’पासून (१९३२) एकाच कथेच्या मराठी व हिंदी आवृत्त्या काढण्याचा प्रघात पाडला. ‘कुंकू’ व ‘माणूस’ हे याच पद्धतीने निघाले. ज्यास व्हेनिसला मान मिळाला तो ‘संत तुकाराम’ मात्र केवळ मराठीत होता, ही गोष्ट आमच्या मते योगायोग म्हणून सोडून देण्याजोगी नाही. अभंगाची लय, वारकऱ्यांचा वेष, जिजाईचा संसारी त्रागा यांत परक्या प्रेक्षकासाठी म्हणून काहीही सौम्य केलेले नव्हते.

असे असता पुढे काय घडले? याचे उत्तर शोधण्यासाठी पुण्या-मुंबईपेक्षा वाशीम जिल्ह्यातील इंझोरी येथे उभे राहून पाहणे अधिक उपयुक्त ठरेल. इंझोरीची बोली वऱ्हाडी, म्हणजे मराठीच. परंतु चित्रपट-व्यवसायाच्या नकाशावर हे गाव ‘सी.पी.-बेरार’ सर्किटात मोडते. १९५६ पर्यंत हा मुलूख प्रथम मध्यप्रांत-वऱ्हाडचा व नंतर मध्यप्रदेशाचा भाग होता. राज्ये बदलली, १९६० मध्ये महाराष्ट्र झाला, १९९८ मध्ये अकोल्यातून वाशीम वेगळा झाला. सर्किटाची रेषा मात्र हलली नाही. पश्चिम महाराष्ट्र व कोकण मुंबई सर्किटात, मराठवाडा निजाम सर्किटात, विदर्भ सी.पी.-बेरारमध्ये, अशी मराठी प्रेक्षकांची तीन ठिकाणी वाटणी झाली. यांतील सी.पी.-बेरारमध्ये हिंदीभाषी जिल्हे, तर निजाममध्ये तेलुगू व कन्नड जिल्हे सामील होते. निर्माता हक्क विकतो तो सर्किटवार. हिंदी चित्रपट घेणाऱ्या वितरकास सबंध सर्किटातून वसुलीची आशा असे; मराठी चित्रपटास त्याच सर्किटाच्या एका तुकड्यातून. मग त्याने मराठीस किंमत कमी द्यावी यात नवल ते काय? वऱ्हाडातील मराठी माणूस संख्येने थोडका नव्हता. व्यापाराच्या मांडणीने त्यास थोडका केले. ज्या गावांत कायमचे चित्रपटगृह नव्हते तेथे चित्रपट पोचे तो जत्रेतील तंबूतून, आणि तंबूवाल्याची पेटी भरे ती वितरकाकडे जे असेल त्याने.

कोरियाने नेमका हाच प्रश्न, म्हणजे पडद्यावरील दिवस कोणाचे हा, राजकीय केला. १९६६ च्या कायद्याने चित्रपटगृहांवर देशी चित्रपट दाखविण्याचे बंधन आले. पुढे ते वर्षाचे १४६ दिवस इतके झाले. दीर्घकाळ हे दिवस कागदोपत्रीच भरले जात. १९८८ पासून अमेरिकन कंपन्या तेथे थेट वितरण करू लागल्या, तेव्हा चित्रपट-व्यावसायिक रस्त्यावर उतरले, आणि १९९३ पासून त्यांनी स्वतःच चित्रपटगृहांवर पाळत ठेवली. त्याच वर्षी इम क्वॉन-तेक यांच्या ‘सोप्यॉन्जे’ने एकट्या सोल शहरात दहा लाखांवर प्रेक्षक मिळविले. पान्सोरी या लोकगायनावर जगणाऱ्या भटक्या गायकांची ती कथा आहे. ‘संत तुकाराम’शी तिचे नाते मराठी वाचकास सांगावयास नको. १९९६ मध्ये तेथील घटना-न्यायालयाने पूर्वपरीक्षण घटनाबाह्य ठरविले, १९९९ मध्ये ‘शिरी’ने कोरियात ‘टायटॅनिक’ला मागे टाकले, २००१ मध्ये देशातील निम्म्याहून अधिक प्रेक्षक कोरियन चित्रपटांचे होते. कानचे सन्मान यानंतरचे : इम यांना २००२ मध्ये दिग्दर्शनाचा, ‘ओल्डबॉय’ला २००४ मध्ये ग्रां प्रीचा. २००६ मध्ये अमेरिकेशी व्यापारी करार करण्याच्या प्रयत्नात बंधन १४६ वरून ७३ दिवसांवर आणले गेले. परंतु तोपर्यंत घरचा प्रेक्षक बांधला गेला होता. केवळ कायद्याने चित्रपट चांगले निघतात असे कोणी म्हणणार नाही. चांगल्या चित्रपटास टिकण्यापुरता अवधी मात्र त्याने मिळतो.

महाराष्ट्रात सन्मान थांबले नाहीत. चैतन्य ताम्हाणे यांच्या ‘कोर्ट’ला २०१४ मध्ये व्हेनिसला दोन पारितोषिके मिळाली, त्यांच्याच ‘द डिसायपल’ला २०२० मध्ये तेथे पटकथेचा सन्मान लाभला. तथापि अधिक विचारणीय उदाहरण नागराज मंजुळे यांच्या ‘सैराट’चे (२०१६). करमाळ्याकडील बोली जशीच्या तशी ठेवून तो बर्लिनलाही गेला आणि महाराष्ट्रभर गर्दीतही चालला. पुढे २०१८ मध्ये त्याचे हिंदी रूपांतर निघाले. त्यात कथा उरली, बोली गेली. ‘पॅरासाइट’ मात्र जगाने कोरियन भाषेतच पाहिला.

एप्रिल २०१५ मध्ये बहुपडदा चित्रपटगृहांत मराठीस सायंकाळची वेळ देण्याची घोषणा राज्य शासनाने केली. विरोध होताच ती दुपारी १२ ते रात्री ९ अशी सैल करण्यात आली. आता चित्रपटाच्या पेट्या एस.टी.ने येत नाहीत, तो संगणकीय प्रतीने येतो. हिशेब मात्र अद्याप सी.पी.-बेरार व निजाम याच नावांखाली मांडले जातात, आणि इंझोरीचा मराठी प्रेक्षक त्यांतील पहिल्या रकान्यात हिंदी जिल्ह्यांच्या बेरजेत मिसळून जातो.