‘ओवी’: एका नांवाची कुळकथा



गेल्या मार्गशीर्षांत माझ्या मुलाच्या घरीं बारसें झालें. बायकांनीं पाळणे म्हटले, आणि रीतीप्रमाणें माझ्या मुलीनें, म्हणजे बाळाच्या आत्यानें, बाळाच्या कानाशीं तोंड नेऊन ‘कुर्र’ केलें व नांव सांगितलें: ‘ओवी’. क्षणभर कोणी कांहीं बोललें नाहीं. मग माझ्या थोरल्या वहिनी मोठ्यानें म्हणाल्या, “अगबाई, हें कसलें नांव? ओवी जात्यावर म्हणायची असते. पोरीला काय दळायला बसवायची आहे?” सारे हंसले. माझी सूनबाई मात्र हंसली नाहीं. ती माझ्याकडे वळून म्हणाली, “बाबा, तुम्ही इतकीं वर्षें मराठी शिकवलीत. तुम्हीच सांगा ना काकूंना, या नांवाचा अर्थ काय तो.”

मीं ज्ञानेश्वरांचें नांव घेऊन मास्तरी थाटांत एक वाक्य बोललों आणि वेळ मारून नेली. सूनबाईचें समाधान झालें, वहिनी गप्प बसल्या. पण मला स्वतःला तें उत्तर अपुरें वाटत राहिलें. वहिनी चुकल्या होत्या असें मीं सर्वांस भासविलें होतें, आणि वस्तुतः त्या चुकल्या नव्हत्या. आजचें हें भाषण म्हणजे त्या अपुऱ्या उत्तराची पुरवणी होय.

पद्याच्या प्रकारावरून मुलीचें नांव ठेवणें ही कांहीं आजची टूम नव्हे. गायत्री हा चोवीस अक्षरांचा वैदिक छंद. मालिनी आणि शालिनी हीं संस्कृत वृत्तें. आर्या हें मात्रावृत्त. मोरोपंतांनीं (१७२९–१७९४) तें मराठींत घरोघर नेलें. या नांवांना छंदाखेरीज दुसरेही अर्थ आहेत हें खरें. तथापि ऋचा, गीता, कविता यांच्याविषयीं तर तसा संशय घ्यावयास जागा नाहीं. हीं नांवें ऐकून कोणाच्या कपाळाला आठी पडत नाहीं. मग ओवीनेंच काय घोडें मारलें आहे?

फरक आहे तो असा. गायत्री, मालिनी, आर्या या पाठशाळेंतून आल्या. ओवी आली ती माजघरांतून, उखळामुसळाजवळून आणि जात्यावरून. आपल्याला जो अडखळा वाटतो तो नांवाच्या नवेपणाचा नव्हे, त्याला लागलेल्या पिठाचा आहे.

आतां शब्दाकडे पाहूं. ‘ओवी’ हा शब्द ‘ओवणें’ या क्रियापदाशीं जोडला जातो. सुईंत दोरा ओवावा, दोऱ्यांत फुलें ओवावीं, तसे शब्द एका सुरांत ओवले कीं ती ओवी. संस्कृतांत ‘वे’ या धातूचा अर्थ विणणें असा आहे. आपण ‘ओतप्रोत’ म्हणतों त्यांतला ‘ओत’ म्हणजे विणलेला, गुंफलेला, हा त्याच धातूचा. ओवीची रचना साडेतीन चरणांची, असें म्हणण्याचा प्रघात आहे. पहिल्या तीन चरणांच्या शेवटीं यमक येतें. चौथा चरण आंखूड असतो आणि त्याला यमकाचें बंधन नसतें. अक्षरांची संख्याही काटेकोर नाहीं. ज्या स्त्रीचे हात कामांत गुंतलेले आहेत, तिला गण मोजीत बसण्यास सवड कोठून असणार? हाताची फेरी जेवढी लांबेल तेवढा चरण लांबतो.

या शब्दाचा प्रसिद्ध जुना उल्लेख कोठें आढळतो, हें ऐकून पुष्कळांस नवल वाटेल. तो मराठी ग्रंथांत नाहीं, संस्कृत ग्रंथांत आहे. आणि त्या ग्रंथाचा कर्ता एक राजा आहे. कल्याणीच्या चालुक्य घराण्यांतील तिसरा सोमेश्वर यानें शके १०५१ मध्यें, म्हणजे इ. स. ११२९ मध्यें, ‘मानसोल्लास’ नांवाचा ग्रंथ सिद्ध केला. त्याची राजधानी म्हणजे आजच्या कर्नाटकांतील बिदर जिल्ह्यांतलें बसवकल्याण. हत्ती, घोडे, रत्नें, पाकक्रिया, नृत्य, गायन, असा राजाच्या आयुष्यांत येणारा बहुतेक प्रत्येक विषय त्यानें या ग्रंथांत घेतला आहे. कोणत्या प्रसंगीं कोणतें गीत गावें हें सांगतांना तो नोंदवितो कीं, महाराष्ट्रांत स्त्रिया कांडतांना ओवी गातात.

नोंद एवढीच आहे. पण ती किती बोलकी आहे! गाणाऱ्या कोण, तें सांगितलें आहे: स्त्रिया. स्थळ सांगितलें आहे: महाराष्ट्र. वेळ सांगितली आहे: कांडणाची. दळण आणि कांडण हीं दोन्ही आपल्याकडे एका दमांत उच्चारलीं जातात, तीं उगाच नव्हे. नऊशें वर्षांपूर्वींच्या एका सम्राटाच्या कानीं आपल्या बायकांचें मुसळावरचें गाणें गेलें, आणि त्याला तें लिहून ठेवण्याजोगें वाटलें.

पुढच्या शतकांत देवगिरीच्या यादव दरबारीं शार्ङ्गदेवानें ‘संगीतरत्नाकर’ लिहिला. संगीतशास्त्राच्या या थोर ग्रंथांतही ओवीचें लक्षण दिलें आहे: तीन खंड यमकानें युक्त, भाषा देशी, आणि शेवटीं ‘ओवी’ हा शब्द. हें शेवटचें कलम ध्यानांत घेण्यासारखें आहे. जात्यावर बसलेली बाई आपल्या ओव्या मोजीत जाते. पहिली ओवी या देवाला, दुसरी त्या देवाला, तिसरी मायबापाला, असें म्हणत ती गाण्यांतच ‘ओवी’ हा शब्द घालते. ही मोजणी आणि शार्ङ्गदेवाचें तें कलम यांचें नातें मला फार जवळचें वाटतें.

शके १२१२ मध्यें, म्हणजे इ. स. १२९० मध्यें, नेवासें येथें ज्ञानेश्वरी पूर्ण झाली. सोमेश्वराच्या नोंदीनंतर एकशें एकसष्ट वर्षांनीं. परंपरेनें शके १११० चा मानला जाणारा मुकुंदराजांचा ‘विवेकसिंधु’ हाही ओवीबद्धच. तोही त्या नोंदीनंतरचा. ज्ञानेश्वरांपुढें संस्कृतांतलीं सारीं वृत्तें हात जोडून उभीं होतीं. गीतेसारखा ग्रंथ मराठींत आणावयाचा, तर एखादें भारदस्त वृत्त त्यांना घेतां आलें असतें. त्यांनीं निवडली ओवी. आणि लहान मुलालाही कळावें म्हणून हा ओवीप्रबंध, असें कारणही त्यांनीं ग्रंथाच्या शेवटीं दिलें. सुमारें नऊ हजार ओव्यांचा तो ग्रंथ आहे. पुढें एकनाथांचें भागवत, रामदासांचा दासबोध, श्रीधरांचे हरिविजय आणि पांडवप्रताप, हे सारे ओवींतच झाले.

मीं तीस वर्षें फळ्यासमोर उभें राहून मुलांना हाच इतिहास शिकविला. तो खोटा नव्हता. पण मी तो मधूनच सुरू करीत होतों. ‘ओवी ज्ञानेश्वरांची’ असें मी सांगत असें. ती ज्ञानेश्वरांकडे येण्यापूर्वीं कोणाची होती, हा प्रश्न एकाही मुलानें विचारला नाहीं, आणि मींही तो स्वतःस विचारला नाहीं. सोमेश्वराची नोंद त्याचें उत्तर देते. ती दळणाऱ्या-कांडणाऱ्या बायकांची होती. त्यांच्या घरचें माप उसनें घेऊन मराठी भाषेनें आपलें पहिलें वैभव मोजलें.

आणि तें उसनें दिल्यावरही बायकांचें भांडार रितें झालें नाहीं. पोथींतली ओवी पोथींत वाढली, जात्यावरची जात्यावर वाढत राहिली. पहाटेच्या अंधारांत दोघी समोरासमोर बसत. खुंट्याला दोघींचे हात, एकीनें मधून मधून वैरण घालावयाची, एकीनें ओवी सुरू करावयाची, दुसरीनें उचलावयाची. तींत सीतेचा वनवास येई, पंढरीची वाट येई, माहेर येई, भाऊ येई, सासरचा जाच येई. जें सासूसमोर बोलतां येत नसे, तें जात्याच्या घरघरींत गातां येत असे. विसाव्या शतकांत याच ओवींत डॉ. आंबेडकरांचें नांव आलें. ज्या घरांत पाटी-पुस्तक नव्हतें त्या घरांतल्या बायकांनीं त्यांच्या कार्याची कथा जात्यावर गाइली. ओवी जुनी झाली, पण शिळी झाली नाहीं.

एक गोष्ट मात्र या गाण्यांत नसे, आणि ती म्हणजे रचणारीचें नांव. संतांच्या अभंगाच्या शेवटीं त्यांची नाममुद्रा असते. नामदेवांच्या घरीं दळणकांडण करणाऱ्या जनाबाईंनींही अभंगांत आपलें नांव गुंफलें, म्हणून जनाबाई आपल्याला ठाऊक आहेत. ओवीला मुद्रा नाहीं. एकीची ओवी दुसरी उचली आणि तिच्या भावाच्या जागीं आपल्या भावाचें नांव घाली. लेकीबरोबर ती दुसऱ्या गांवीं जाई. अशा शेंकडों वर्षांच्या, लाखों ओव्या. कर्ती एकही नाहीं. खानदेशांतल्या बहिणाबाई चौधरी (१८८०–१९५१) यांना लिहितां-वाचतां येत नव्हतें. त्यांचीं गाणीं टिपून ठेवलेलीं होतीं, त्यांचे पुत्र सोपानदेव हे कवि होते, म्हणून १९५२ सालीं त्यांचें पुस्तक निघालें आणि महाराष्ट्राला त्यांचें नांव कळलें. अशा बहिणाबाई आणखी किती होऊन गेल्या असतील, ज्यांच्या घरीं टिपणारें कोणी नव्हतें!

ही ओळ मी बोलतों आणि थांबतों. कारण त्यांतलें एक घर माझें आहे.

माझें बालपण एका लहान खेड्यांत गेलें. माझी आई निरक्षर होती. पहाटे आम्हां भावंडांना जाग येई ती जात्याच्या आवाजानें, आणि त्या आवाजावर तिचा आवाज असे. मी मराठी शाळेंत असतांनाच गांवांत तेलावर चालणारी पिठाची गिरणी आली. बायकांच्या खांद्यांचें दुखणें कमी झालें, पहाटेची झोंप त्यांना मिळाली. त्या गिरणीला कोणी नांवें ठेवूं नयेत. माझी आई तर पहिल्या दिवशीं डबा भरून पीठ आलें तेव्हां आनंदानें हंसली होती. पण जातें कोपऱ्यांत गेलें आणि आईचा तो आवाजही त्याच्याबरोबर गेला. हात फिरल्याखेरीज ओवी तोंडीं येत नसे. पुढें मी मास्तर झालों. पोथींतल्या ओव्यांचे अर्थ मीं वह्याच्या वह्या भरून लिहिले. आई आणखी वीस वर्षें होती. तिची एक ओवी मीं लिहून घेतली नाहीं. ती साहित्य आहे असें मला वाटलेंच नाहीं.

सुदैवानें सारेच माझ्यासारखे निष्काळजी नव्हते. साने गुरुजींनीं बायकांच्या ओव्या मोठ्या मायेनें जमविल्या आणि ‘स्त्री जीवन’ या नांवानें प्रसिद्ध केल्या. पुढें पुण्याच्या हेमा राईरकर आणि फ्रान्सहून येऊन पुण्याचे झालेले गी पॉइतवाँ यांनीं सहकाऱ्यांसह खेडोपाडीं हिंडून एक हजाराहून अधिक गांवांतून एक लाखाहून अधिक ओव्या गोळा केल्या. कित्येकींचे आवाजही ध्वनिमुद्रित केले. २०१७ सालापासून हा ठेवा ‘पारी’ या संकेतस्थळावरून लोकांसमोर येत आहे. त्यांतली मला सर्वांत मोलाची वाटणारी गोष्ट ही कीं, तेथें गाणारीचें नांव आणि तिचें गांव लिहिलेलें असतें. सोमेश्वरानें ‘स्त्रिया’ एवढेंच लिहिलें होतें. त्या ‘स्त्रिया’ कोण, हें लिहिण्यास आपल्याला जवळ जवळ नऊशें वर्षें लागलीं.

तर ‘ओवी’ या नांवाचा अर्थ मी आतां असा सांगेन. ओवी म्हणजे केवळ गोड गाणें नव्हे, आणि केवळ ज्ञानेश्वरांचा छंदही नव्हे. जिचें नांव कोणी लिहिलें नाहीं अशा बाईनें कष्ट करतां करतां रचलेलें, आणि मराठी भाषेनें डोक्यावर घेतलेलें, तें माप म्हणजे ओवी. इतकीं शतकें ज्या गाण्याला कर्तीचें नांव नव्हतें, तेंच आतां एका मुलीचें नांव झालें आहे. यांत मला न्याय दिसतो.

बारशानंतर आठ दिवसांनीं मी वही घेऊन थोरल्या वहिनींकडे गेलों. लग्न होऊन त्या आमच्या घरीं आल्या तेव्हां गिरणी यावयाची होती. जात्यावर आईच्या समोर त्याच बसत असत. ही गोष्ट मला त्या दिवसापर्यंत सुचली नव्हती. मीं म्हटलें, “वहिनी, त्या दिवशीं तुमचेंच बरोबर होतें. आईच्या ओव्या येतात का तुम्हांला?” त्या म्हणाल्या, “भाऊजी, नुसतें बसून कसें आठवणार?” मग त्यांनीं समोरची पितळी ताटली पुढें ओढली आणि ती हातानें गोल फिरवूं लागल्या. थोडा वेळ गेला. त्या दुपारीं मीं अकरा ओव्या लिहून घेतल्या. त्यांतल्या एकींत धाकट्या मुलाच्या पाटीचा आणि तो मास्तर होईल या आशेचा उल्लेख आहे. घरांत धाकटा मी.

त्या वहीच्या पहिल्या पानावर मीं आईचें पूर्ण नांव लिहिलें आहे, खालीं वहिनींचें, आणि दोघींचीं गांवें. वही नातीला द्यावयाची आहे. तिला वाचतां येईपर्यंत आणखी पांच-सहा वर्षें आहेत. तोंवर वहिनींना आणखी जें आठवेल तें तींत लिहीत जावयाचें, असें आम्हां दिराभावजयींचें ठरलें आहे. आपल्यापैकीं ज्यांच्या घरीं अजून अशी एखादी आजी, मावशी, काकू असेल, त्यांनीं ताटली पुढें ठेवून पाहावी, एवढीच विनंति करून मी आपली रजा घेतों.