पोर्तुगीज बोलपटांतील एक दुय्यम नट

बोलपटांच्या आठवणी बहुधा नायक-नायिकांभोंवतीं घुटमळतात. पोर्तुगालचें तसें नाहीं. तेथील १९३३ ते १९४७ या काळांतले विनोदी चित्रपट आठवूं लागलें कीं तरुण प्रेमिकांचे चेहरे पुसट होतात आणि डोळ्यांपुढें उभा राहतो तो मुलीचा बाप, पेठेंतला दुकानदार, शेजारचा तापट गृहस्थ. हीं पात्रें रंगविणारा नट म्हणजे आंतोनियो सिल्व्हा.

त्याचा जन्म १८८६ सालीं लिस्बन येथें झाला. तारुण्यांत नाटकमंडळीबरोबर ब्राझीलला जाऊन त्यानें तेथें कांहीं वर्षें काढलीं. नाचगाणीं आणि चालू घडामोडींवरील टोमणे यांनीं भरलेल्या 'रेव्हिस्ता' नामक रंगभूमीवर तो मुरला. सर्वस्वीं पोर्तुगालमध्येंच तयार झालेला पहिला दीर्घ बोलपट, 'लिस्बनचें गीत', १९३३ सालीं आला तेव्हां त्याची सत्तेचाळिशी आली होती. मावश्यांच्या पैशावर चैन करणारा वैद्यकीचा विद्यार्थी म्हणजे नायक वास्को सांताना. त्याच्या प्रेयसीचा बाप, शिंपी काएतानो, म्हणजे सिल्व्हा.

त्याची कला पूर्ण बहरली ती १९४२ च्या 'ओ पातिओ दास कांतिगास'मध्यें. 'पातिओ' म्हणजे आपल्या चाळीच्या आंगणासारखी जागा. तेथला दुकानदार एव्हारिस्तो मोठा मानी, तितकाच चिडका. शेजारीपाजारी मुद्दाम कसल्यातरी वस्तूची चौकशी करतात, तो उसळतो, आणि तो उसळतो म्हणूनच ते पुन्हा विचारतात. सिल्व्हा हंसवितो तो तोंडें वेडींवांकडीं करून नव्हे. एव्हारिस्तोचा स्वतःच्या प्रतिष्ठेवर गाढ विश्वास आहे. आपण हास्यास्पद आहों याची त्याला कल्पनाच नाहीं! हाच नट पुढच्या वर्षीं 'आमोर द पेर्दिसांव'मध्यें नालबंदाच्या गंभीर भूमिकेंत उतरला.

आतां एक अडचणीचा प्रश्न. १९३३ हेंच सालाझारच्या नव्या राज्यघटनेचें वर्ष. गोव्यावर १९६१ पर्यंत अंमल चालविणारी राजवट ती हीच. चित्रपटांवर सरकारी तपासणीची करडी नजर असे. 'पातिओ'चा निर्माता आंतोनियो लोपेस रिबेइरो यानेंच १९३७ सालीं राजवटीचा गौरव करणारा 'मे महिन्याची क्रांति' हा चित्रपट दिग्दर्शित केला होता. मग हें हास्य सरकारच्या सोयीचेंच होतें काय? बव्हंशीं होतें, असें मला वाटतें. मंत्र्याची थट्टा अशक्य, म्हणून शिंप्याची झाली. परंतु त्या आंगणांत हुकमी आवाजांत बोलणारा माणूस कोण, तर एव्हारिस्तो. आणि सारें आंगण हंसतें तेंही त्यालाच. तपासनिसांच्या कात्रीला हें सांपडण्याजोगें नव्हतें.

सिल्व्हा १९७१ सालीं वारला. राजवट १९७४ सालीं कोसळली. २०१५ सालीं 'पातिओ' नव्यानें काढण्यांत आला. त्यांत एव्हारिस्तो झाला मिगेल गिल्येर्म, आणि दुकानाच्या दाराशीं तीच चौकशी पुन्हा सुरू झाली.